भिन्न छेद आणि आपलं स्वतःचं मिनिट

भाचीच्या वहीत एक उदाहरण दिसलं. दोरीचा एक तुकडा १/२ मीटर, दुसरा १/३ मीटर, दोन्ही टोकाला टोक लावून सरळ ठेवले तर एकूण लांबी किती? तिने लिहिलं होतं २/५ मीटर, त्यावर लाल फुली, आणि बाजूला ५/६ असं बरोबर उत्तर, बाकी एक शब्द नाही. मी विचारलं हे २/५ कसं काय आलं, तर म्हणाली वरच्यात वरचे मिळवले आणि खालच्यात खालचे.

बरं म्हटलं. अर्धा मीटर म्हणजे किती सेंटीमीटर? पन्नास. आणि २/५ मीटर? थोडा वेळ लागला पण आलं, चाळीस. मग मी काहीच बोलले नाही, तीच वहीकडे बघत बसली, कारण पन्नासच्या तुकड्याला अजून एक तुकडा जोडला आणि लांबी चाळीस झाली हे तिचं तिलाच पटेना. पण त्यानंतर ती जे म्हणाली ते माझ्या डोक्यातून अजून गेलेलं नाही. "पण मावशी, खेळताना तर असंच होतं की. आधी दोनदा बॉल टाकला, एकदा बास्केटमध्ये गेला. मग तीनदा टाकला, एकदा गेला. पाचपैकी दोन झाले ना?"

झाले की! पाचपैकी दोन, म्हणजे २/५, अगदी बरोबर. म्हणजे या पोरीने वरचे वर आणि खालचे खाली मिळवले ते आळसाने नाही, तिने ते खरंच कुठेतरी होताना बघितलंय. आणि आपण काय करतो, फुली मारतो आणि नियम सांगतो की छेद मिळवायचे नसतात. का नसतात ते सांगत नाही. मला वाटतं अपूर्णांकांच्या बेरजेतला सगळ्यात महत्त्वाचा धडा या दोन गोष्टींच्या मधेच आहे, दोरी आणि बॉल, आणि आपण तो ओलांडून थेट लसाविवर, म्हणजे सगळ्या छेदांनी भाग जाईल अशा सगळ्यात लहान संख्येवर, उडी मारतो.

फरक कुठेय बघा. बॉलच्या वेळी १/२ मधला "पूर्ण" म्हणजे दोन प्रयत्न, आणि १/३ मधला "पूर्ण" म्हणजे तीन प्रयत्न, आणि शेवटच्या २/५ मधला पूर्ण म्हणजे सगळे मिळून पाच. तिन्ही ठिकाणी पूर्ण वेगळा. ती बेरीज नाहीचे, ते एकत्रीकरण आहे, दोन निकाल एकात मिसळलेत, आणि म्हणून उत्तर दोन्हींच्या मधे कुठेतरी येतं, १/३ पेक्षा जास्त पण १/२ पेक्षा कमी. असं मिसळलं की कायम मधेच येणार. दोरीचं तसं नाही, तिथे १/२ पण मीटरचा आणि १/३ पण त्याच मीटरचा, आणि उत्तर पण मीटरमध्येच द्यायचंय, पूर्ण कुठेच बदलत नाही. तिथे उत्तर दोन्हींपेक्षा मोठंच यायला हवं.

म्हणून आम्ही पहिला नियम हा केला की पेन्सिल हातात घ्यायच्या आधी प्रत्येक अपूर्णांकाला विचारायचं, "कशाचा?" अर्धा, पण कशाचा अर्धा? एक तृतीयांश, कशाचा? दोन्हींचं उत्तर एकच आलं तरच बेरीज. हा प्रश्न विचारायला काही वेळ लागत नाही आणि शाब्दिक उदाहरणांतल्या बऱ्याचशा चुका तिथेच थांबतात, मी महिनाभर बघतेय.

याची परीक्षा घ्यायला मी तिला दोन उदाहरणं जोडीने दिली. एक, १२० पानांच्या पुस्तकाचा १/३ भाग शनिवारी वाचला, १/४ भाग रविवारी वाचला, एकूण किती भाग वाचला? दोन, पुस्तकाचा १/३ भाग शनिवारी वाचला आणि उरलेल्याचा १/४ रविवारी. फक्त "उरलेल्याचा" हा एक शब्द जास्त. पहिल्यात दोन्ही अपूर्णांक पुस्तकाचे, म्हणून १/३ + १/४ म्हणजे ४/१२ + ३/१२, ७/१२. पानांत बघितलं तर ४० आणि ३०, सत्तर पानं. दुसऱ्यात १/४ हा पुस्तकाचा नाहीच, तो राहिलेल्या ८० पानांचा आहे, म्हणजे २० पानं, पुस्तकाच्या हिशोबात १/६. मग १/३ + १/६ = १/२, साठ पानं. तिने दोन्हीला ७/१२ लिहिलं होतं. पानं मोजून बघ म्हटल्यावर स्वतःच सापडलं तिला. त्या दिवसापासून ती "उरलेल्या" हा शब्द दिसला की त्याखाली रेघ मारते, मी सांगितलं नव्हतं.

आता समच्छेद करण्याबद्दल. इथे मला घड्याळाने जेवढी मदत केली तेवढी कशानेच नाही. मी विचारलं, पाव तास अभ्यास आणि एक तृतीयांश तास वाचन, एकूण किती वेळ? अपूर्णांक हा शब्दसुद्धा काढला नाही. ती म्हणाली पंधरा आणि वीस, पस्तीस मिनिटं. लगेच. आता पाव म्हणजे १/४, तिथे छेद ४, एक तृतीयांशचा छेद ३, हे भिन्नछेद अपूर्णांकच आहेत की, मग तुला कसे काय जमले? तर म्हणे मिनिटं केली ना. हो, तेच! तू दोन्ही वेळ एकाच मापात आणलेस. १५/६० आणि २०/६०, मिळून ३५/६०, पाचाने भागून ७/१२ तास. समच्छेद करायचं म्हणजे एवढंच की असं एक छोटं माप शोधायचं ज्याने दोन्ही हिस्से पुरेपूर मोजता येतील, तुकडा उरायला नको. मिनिट हे तसलं माप कोणीतरी आधीच करून ठेवलंय. ६० ला २, ३, ४, ५, ६, १०, १२, १५, २०, ३० सगळ्यांनी भाग जातो, म्हणून शाळेतल्या बहुतेक छेदांना घड्याळ पुरतं.

पाऊण तास अधिक एक तृतीयांश तास पण केलं, ४५ आणि २० म्हणजे ६५ मिनिटं, म्हणजे तास ओलांडला, एक पूर्णांक १/१२ तास. अंशाधिक अपूर्णांक पूर्णांकयुक्त कसा करायचा यावर वेगळं प्रकरण असतं पुस्तकात, पण घड्याळावर तास उलटून पाच मिनिटं झाली हे कोणाला शिकवावं लागतं?

मग मी मुद्दाम घड्याळ फसेल असं उदाहरण दिलं. २/७ तास आणि १/४ तास. तिने ६० ला ७ ने भागायला घेतलं, आठ आले, चार उरले, थांबली. म्हणाली मिनिटं नाही होत. मग काय करायचं? बराच वेळ गप्प. मी पण गप्प बसले, हे मला फार अवघड जातं पण बसले. मग तिने हळूच विचारलं की मावशी, तासाची साठच मिनिटं घ्यायला पाहिजेत का? आणि मला इतका आनंद झाला म्हणून सांगू. नाही गं, तुला हवी तेवढी घे! किती घेशील म्हणजे सातानेही भाग जाईल आणि चारानेही? अठ्ठावीस. मग तास अठ्ठावीस "मिनिटांचा", २/७ म्हणजे त्यातली ८, १/४ म्हणजे ७, एकूण १५/२८. त्या दिवसापासून आमच्याकडे लसावि काढायला "आपलं मिनिट शोधणं" म्हणतात. प्रत्येक उदाहरणाचं मिनिट वेगळं, ते आपण बनवायचं.

ही काही माझी कल्पना नाही म्हणा, माणसं हे फार जुन्या काळापासून करत आलीत. इसवीसनापूर्वी साधारण १५५० च्या सुमाराला इजिप्तमध्ये अहमोस नावाच्या लेखनिकाने पपायरसवर गणितं उतरवून ठेवलीयत, त्यात एक असं आहे की २/३ आणि १/१५ यांच्यात किती मिळवलं म्हणजे पूर्ण १ होईल. त्या लोकांकडे आपल्यासारखा वर अंश खाली छेद असा प्रकार नव्हता, २/३ सोडला तर सगळे अपूर्णांक ते १/५, १/१५ असे एकेक हिश्श्यांचेच लिहायचे. तरी या गणितात त्याने पंधरा धरले, २/३ चे दहा आणि १/१५ चा एक असे मदतीचे आकडे लाल शाईने लिहिले, अकरा झाले, चार उरले. मग ते चार म्हणजे तीन आणि एक, म्हणून उत्तर १/५ आणि १/१५. लाल शाईतले दहा आणि एक म्हणजे आपली मिनिटंच की! मी हे सांगितल्यावर भाचीने लाल पेन मागून घेतला आणि आता समच्छेद केल्यावरचे अंश ती लालने लिहिते. वहीत लाल रंगाला जरा चांगलं काम मिळालं याचं मला बरं वाटतं.

लसाविबद्दल माझं एक मत आहे, शिक्षकांना कदाचित पटणार नाही. सुरुवातीला लसाविचा हट्ट धरू नये. ५/६ + ३/८ घ्या. लसावि २४, म्हणून २०/२४ + ९/२४ = २९/२४, म्हणजे १ पूर्णांक ५/२४. पण एखाद्या मुलाने सरळ ६ गुणिले ८ करून ४८ घेतले, ४०/४८ + १८/४८ = ५८/४८ काढलं आणि मग दोनाने भागून २९/२४ केलं तर त्यात चूक काय? काहीच नाही. मिनिट जरा बारीक घेतलं एवढंच, बारीक मापाने मोजलं म्हणून लांबी बदलत नाही. ज्या मुलाला अजून समच्छेद का करायचा हेच कळायचंय त्याला त्याच वेळी मूळ अवयव पाडायला लावले की तो दोन्हीकडून जातो. आधी छेदांचा गुणाकार करू द्यावा, मग आकडे मोठे व्हायला लागले की तोच विचारतो लहान नाही का घेता येणार. भास्कराचार्यांनी ११५० सालच्या लीलावतीत दोन्ही रस्ते दिलेत, एकमेकांच्या छेदाने अंश आणि छेद गुणा, नाहीतर आधी छेदांमधला सामाईक भाग काढून टाका आणि मग गुणा. समच्छेद हा शब्दही तिथे आहे. माझ्या दृष्टीने यातली गंमत ही की साधा रस्ता आधी सांगितलाय, सुटसुटीत नंतर.

गुणाकार का चालतो हे दाखवायला चौकटीची वही फार कामाला येते. १/३ आणि १/४ साठी तीन रांगा आणि चार रकाने असा आयत काढायचा, बारा घरं झाली. एक रांग रंगवली की तो एक तृतीयांश, त्यात चार घरं. एक रकाना म्हणजे पाव, त्यात तीन घरं. दोन्ही एकाच आयतावर रंगवले तर एक घर दोनदा रंगतं, म्हणून ते शेजारी दुसरीकडे हलवून मोजायचं, नाहीतर सहाच घरं मोजली जातात, आणि इथे आम्ही खरंच एकदा चुकलो. सातच यायला हवीत. ६ आणि ८ चा आयत काढला तर ४८ घरं येतात आणि मग नीट बघितलं की दिसतं की घरं दोन-दोनच्या जोड्यांनी घेतली तरी सगळं पुरेपूर बसतंय, म्हणून २४ पुरले. लसावि डोळ्यांनी दिसतो तिथे.

ती तिरकस गुणाकाराची युक्ती मात्र मला आवडत नाही, स्पष्टच सांगते. हा अंश त्या छेदाशी, तो अंश या छेदाशी, मधे अधिक, खाली गुणाकार. उत्तर पटकन येतं आणि बरोबर येतं, पण मुलाला विचारा वरचा हा आकडा कशाचा आला, तर सांगता येत नाही. आणि तीन अपूर्णांक आले की युक्ती गडबडते. १/२ + १/३ + १/४ दिलं तर तिरकं कोणाशी कोणाला गुणायचं? माझ्या भाचीने हे उदाहरण बारा धरून एका ओळीत केलं, ६ आणि ४ आणि ३, तेरा, म्हणजे १३/१२.

अंदाज हा भाग शाळेत सगळ्यात कमी होतो आणि माझं सगळ्यात जास्त लक्ष आता तिथे आहे. १९७८ साली अमेरिकेत राष्ट्रीय पातळीवरच्या एका चाचणीत तेरा वर्षांच्या मुलांना विचारलं होतं की १२/१३ + ७/८ याचं उत्तर अंदाजे किती, आकडेमोड करायचीच नव्हती, पर्याय होते १, २, १९, २१ आणि माहीत नाही. १२/१३ म्हणजे जवळजवळ एक, ७/८ म्हणजे जवळजवळ एक, मिळून दोनच्या आसपास. बरोबर पर्याय निवडणारी मुलं होती फक्त २४ टक्के, आणि निम्म्याहून जास्त मुलांनी १९ किंवा २१ निवडलं. बारा अधिक सात एकोणीस, तेरा अधिक आठ एकवीस, कळलं ना कुठून आलं ते? त्या मुलांना बेरीज येत होती. फक्त समोर दिसतंय ते दोन संख्या आहेत, चार नाहीत, हे कोणी नीट दाखवलंच नव्हतं. मला हे वाचून फार वाईट वाटलं होतं.

म्हणून आता आम्ही उदाहरण वाचलं की आधी एवढंच ठरवतो, उत्तर एकापेक्षा कमी की जास्त? ३/८ आणि २/५, दोन्ही अर्ध्यापेक्षा कमी, मग बेरीज एकाच्या आतच असणार, आणि करून बघितलं तर ३१/४०. ५/६ आणि ३/८, पाच षष्ठांशला पूर्ण व्हायला १/६ हवा, ३/८ त्याहून मोठा, म्हणजे एक ओलांडणार. अर्धा, पाव, पाऊण, सव्वा, दीड, अडीच हे आपले शब्द तोंडात असतातच, त्यांचा इथे उपयोग करावा, दीडच्या आसपास की पावणेदोनच्या असं विचारलं की मूल अंदाज करायला लागतं.

पूर्णांकयुक्त अपूर्णांकांचं फार काही नाही, पूर्ण वेगळे मिळवा, तुकडे वेगळे मिळवा, २ पूर्णांक १/४ आणि १ पूर्णांक २/३ म्हणजे तीन आणि ११/१२. नळाच्या उदाहरणात मात्र जरा थांबावं लागलं. एक नळ टाकी ३ तासांत भरतो, दुसरा ६ तासांत, दोन्ही एकदम सोडले तर किती वेळ? ती म्हणाली नऊ तास, आणि मग लगेच स्वतःच म्हणाली छे, दोन नळ असताना जास्त वेळ कसा लागेल. अंदाजाची सवय इथे उपयोगी पडली. मग "कशाचा" विचारलं आणि सुटलं, एका तासात टाकीचा १/३ आणि त्याच टाकीचा १/६, मिळून अर्धी टाकी, म्हणजे दोन तास.

आणि शेवटी काल लीलावतीतलंच भुंग्यांचं उदाहरण केलं. भुंग्यांचा थवा होता, त्यातला १/५ भाग कदंबाच्या फुलावर गेला, १/३ भाग शिलींध्राच्या, या दोन भागांतल्या फरकाच्या तिप्पट भुंगे कुटजाच्या फुलावर गेले, आणि एक भुंगा केतकी आणि मालतीच्या वासाने हवेतच घिरट्या घालत राहिला. एकूण भुंगे किती? तिने आधी "कशाचा" विचारलं, सगळं थव्याचंच. मिनिट पंधरा. लाल पेनने ३ आणि ५ लिहिले, फरक २, तिप्पट ६, एकूण चौदा, १५ पैकी १४, उरला १/१५ आणि तो म्हणजे तो एक भुंगा. पंधरा भुंगे. तीन, पाच, सहा आणि एक, मोजून बघितले.

मी विचारलं हवेत दोन उरले असते तर? तीस. तीन उरले असते तर? पंचेचाळीस. मग तीच म्हणाली म्हणजे १५, ३०, ४५ असेच चालणार, मधले नाही. का नाही, वीस भुंगे घेऊन बघ की. तिने घेतले, १/५ म्हणजे चार, ठीक, १/३ म्हणजे सहा आणि वर दोन तृतीयांश भुंगा. वीसवर काट मारली, मग थोडा वेळ त्या काटेकडे बघत राहिली आणि म्हणाली, "दोरी असती तर वीस पण चाललं असतं."